पाच पायांचे भूत

माझ्या सासऱ्यांच्या मिठागरात एका फाल्गुनात भूत आले, आणि साऱ्या पंचक्रोशीत त्याला सर्वांत जास्त मी घाबरलो.

त्या वेळी मी मुंबईहून आगगाडीने छब्या काढायचे यंत्र आणले होते. इतर लोक शेटजींच्या छब्या काढीत. मला खेकड्यांच्या आणि बगळ्यांच्या काढायच्या होत्या. (खेकडा निदान मिशीला पीळ देत बसत नाही!) सासरे, म्हणजे तात्या, एवढेच म्हणाले, "जावईबापू, आमच्याकडे खेकडे खातात." तेव्हापासून मी रोज संध्याकाळी ठाण्याच्या खाडीवर, मिठागराच्या बांधावर, गुपचूप जाऊ लागलो. तिवईवर यंत्र, डोक्यावरून काळे कापड, आणि खेकडा बिळाबाहेर येईपर्यंत मी चिडीचूप!

आठवडाभरात मिठागराचा मुकादम जोमा अंगणात येऊन उभा राहिला.

"तात्या, उद्यापासून मानसा कामाला येनार नाय. बांधावर भूत हाय."

"कसले भूत?"

"काला! मुंडकाच नाय त्याला. पाच पाय, न् पोटाला एक डोला. हलत नाय, बोलत नाय, नुसता बगत ऱ्हातो."

माझ्या अंगावर सर्रकन काटा आला. त्याच बांधावर रोज जात होतो मी! मला कसे दिसले नाही? नशीब बलवत्तर, दुसरे काय!

तात्यांचा चेहरा मात्र पडला. पिकलेले मीठ वेळेत उचलले नाही, तर वर्षाची कमाई पुन्हा खाडीत जाणार. तेवढ्यात बायको म्हणाली, "अहो, तुमच्या त्या यंत्रात भुताची छबी काढा ना! म्हणजे मांत्रिकाला दाखवता येईल."

सासुरवाडीत नाही कसे म्हणणार?

दुसऱ्या दिवशी दिवस कलताना तात्या, जोमा आणि सगळे मजूर लांबच्या बांधावर थांबले. मी एकटा पुढे गेलो. वारा ठार पडलेला. मिठाच्या राशी पांढरी चादर ओढून निजवलेल्या माणसांसारख्या दिसत होत्या. चिखलात बुडबुडे फुटत होते. खालून कुणीतरी दबक्या आवाजात माझी चौकशी करावी तसे. मी तिवई रोवली, आणि रामनाम घेत कापडात शिरलो.

लांबून किंकाळी उठली. "आला रं आला! जावयाला गिलला!"

म्हणजे भूत माझ्या पाठीशीच! डोके बाहेर काढायची छाती होईना. यंत्राला मिठी मारून, कापडासकट, मी आवाजाच्या रोखाने धावत सुटलो. (पाचही पायांनी!)

"तात्या, वाचवा!"

"अरे देवा, पोटातून बोलतायत!" तात्यांचा हंबरडा ऐकू आला, आणि मग पळणाऱ्या पावलांचा धबधब आवाज. पुढच्याच क्षणी मी तिवईत अडखळून मिठाच्या पाण्यात आडवा झालो. कापड एकीकडे, यंत्र दुसरीकडे.

बऱ्याच वेळाने जोमा काठीने मला ढोसून बघू लागला.

"जिता हाय! तात्या, भुताला जावय पचला नाय! थुकला न् पलाला!"

मजुरांत एकच जल्लोष झाला. ज्या भुताला हा पचत नाही, ते आपल्याला काय खाणार? सकाळी सगळे कामावर हजर!

हातातले ओले काळे कापड बघता बघता माझ्या डोक्यात उशिरा का होईना, उजेड पडला. मी तात्यांना बाजूला घेतले. "तात्या, ते भूत म्हणजे..."

"कळले मला," तात्यांनी माझ्या तोंडावर हात ठेवला. "पण गप्प बसा. खुळ्याला मुलगी दिली म्हणण्यापेक्षा, भुताने थुंकलेल्याला दिली म्हणणे मला बरे पडेल."