मी भावजयीला माफ केलं तो दिवस

हे मी आजवर कुणाजवळ बोलले नाही. नवऱ्याजवळ नाही, आईजवळ तर नाहीच. तुम्हाला सांगते, कारण तुम्ही आमच्या भावकीतले नाही.

पण आधी त्या दिवसाचा आनंद सांगू द्या! संभाजीनगरला, हायकोर्टात, आमच्या घरातल्या दोन्ही केसेस एकदमच रद्द झाल्या. एक माझी भावजय रेखा हिनं माझ्या भावावर आणि आईवर केलेली, छळाची. दुसरी मी रेखावर केलेली. भावाचा आणि रेखाचा राजीखुशीनं घटस्फोट झाला होता आणि तडजोडीत ठरलं होतं, कुणीच कुणावर केस ठेवायची नाही. पण असे गुन्हे आपण म्हणलं म्हणून मिटत नाहीत, हायकोर्टानंच रद्द करावे लागतात. जजसाहेबांनी मला विचारलं, दबावाखाली तर संमती देत नाही ना?

"न्हाई साहेब, माझ्या खुशीनं."

आणि खरंच, एवढी खुशी मला माझ्या लग्नातही झाली नव्हती.

बाहेर आईनं पेढे वाटले. दोन्हीकडच्या वकिलांना, रेखाच्या वडिलांनासुद्धा. ते म्हातारं माणूस माझ्यापुढं हात जोडून उभं राह्यलं. "ताई, लई मोठ्या मनाच्या तुम्ही. तुमच्यामुळं पोरगी सुटली."

मी काय केलं? मान डोलावली. पेढा खाल्ला.

सुटली, पण कशातून? रेखाचं नाव कंडक्टरच्या भरतीत लागलं होतं. गुन्हा नावावर, म्हणून नेमणूक अडली. बदनापूरला वडिलांच्या घरी ती तीन वर्षं लोकांचे ब्लाउज शिवत बसली. तो गुन्हा माझा. मी लिहून दिलं होतं की तिनं तापलेलं उलथनं माझ्या हातावर ठेवलं.

हात भाजला होता, हे खरं. मी तेव्हा टेंभुर्णीला, माहेरी गेल्ते. रेखा घर सोडून गेली होती, तिची तक्रार होऊन चार दिवस झाले होते. त्या सकाळी ती आपले कपडे न्यायला आली. आई आणि भाऊ शेतात. मी भाकरी टाकत होते, आणि तिला दारात बघून — रागानं म्हणा, गडबडीत म्हणा — माझाच हात तव्याला लागला.

तिनं माझं मनगट धरलं. रांजणातलं पाणी तांब्या-तांब्यानं ओतत राह्यली. "ताई, जल्दी दवाखान्यात जा," म्हणाली, आणि कपड्याची पिशवी घेऊन गेली.

मी आधी दवाखान्यात गेले. मंग पोलीस ठाण्यात.

कुणी शिकवलं नव्हतं मला. आई आणि भाऊ आजही ते खरंच मानतात. ती खोटी तक्रार माझी, माझ्या एकटीच्या डोक्यातली. आणि जे तिनं केलंच नाही, त्याची माफी देऊन मोठ्या मनाची झाले तीही मीच.

मागच्या महिन्यात मस्तगडहून, माझ्या घरून, निघाले आणि टेंभुर्णीची गाडी पकडली. कंडक्टर — रेखा! खाकी कपडे, खांद्याला बॅग, हातात तिकिटाचं मशीन. काय रुबाब! दारात अडून राहिलेल्या एका पुढाऱ्याला म्हणाली, "ओ दादा, पुढं सरका, गाडी काय तुमच्या वावरात उभी हाय?" सगळी गाडी हसली. पुढारी मुकाट्यानं सरकला. मी तर टाळीच वाजवणार होते. तीन वर्षं मी दाबून ठेवलेली बाई ती, आणि पन्नास माणसं तिच्या एका शब्दावर हलत होती. सांगू? ऊर भरून आला माझा.

माझ्यापाशी आली. "टेंभुर्णी ना, ताई?"

मी हो म्हणाले. तिनं तिकीट दिलं, उरलेले पैसे बराबर हातावर ठेवले. तेवढंच. गाव आलं तशी मी तिकीट मुठीत धरून उतरले.

मागे तिनं दोनदा बेल मारली, आणि गाडी जाफराबादकडं निघाली.