शेरा ज्याने दिला त्यानेच काढायचा

बाळांनो, हे आजच लिहिते आहे, कारण सोमवारी आम्ही दोघं सांगलीच्या दवाखान्यात जाणार आहोत. सकाळपासून बॅग भरते आणि पुन्हा उपसते. हाताला काम हवं.

साताऱ्यात मी सरकारी अभिलेख कक्षात नोकरी केली. कागद आला की दोन गोष्टी बघायच्या: तो कशाबद्दल आहे आणि कोणी पाहायचा. पहिल्यावरून विषय ठरे, जमीन, पाणी, आस्थापना. दुसऱ्यावरून साधा, गोपनीय की अतिगोपनीय. तुमचे आजोबा फौजेत कारकून. त्यांना यातली दुसरीच गोष्ट महत्त्वाची, कागद कोणी पाहायचा. घरात मी विषयवार फायली लावायची आणि ते त्यातले कागद उचलून ट्रंकेत ठेवायचे, फौजेच्या रीतीने दोन लिफाफ्यांत. आतल्यावर ‘गोपनीय’, बाहेरचा कोरा. तुमच्या आईचं बारावीचं गुणपत्रक, गणितात जेमतेम पास, असंच गडप झालं. ऐन प्रवेशाच्या दिवशी मी ‘शिक्षण’ची फाईल उलथीपालथी केली, ती रडकुंडीला आली, तेव्हा कुठे हे बोलले, “गल्लीला कशाला कळाया पायजे?”

गेल्या महिन्यात त्यांच्या तपासणीचा रिपोर्ट आला. डाव्या किडनीत गाठ आहे, ती किडनी काढावी लागेल. रिपोर्ट मी ‘औषधपाणी’त लावला. संध्याकाळी तो ट्रंकेत, दोन लिफाफ्यांत.

“नातवंडांना कळवायचं न्हाई,” म्हणाले. तुमच्या आईलाही तीच ताकीद.

“फोनवर विचारतात, आजोबा बारीक का दिसतात?”

“सांग, कॅमेरा खराब हाय.”

गोपनीयतेचा शेरा ज्याने दिला त्यानेच उतरवायचा, हा नियम मी नोकरीत कधी मोडला नाही. तुमच्याशी खोटंही बोलवेना. दिवस कसे काढले, माझं मला माहीत. शेवटी आज चहाबरोबर आतला लिफाफा आणि लाल पेन्सिल त्यांच्यापुढे ठेवली.

“अहो, एवढा शेरा काढा.”

“तुझं ऑफिस कवाच सुटलं गं.”

“तुमची फौजसुद्धा.”

त्यांनी चहा संपवला. मग ‘गोपनीय’वर रेघ मारली, खाली सही केली, तारीख घातली.

“धाड आता. आन् लिही, लय घाबरायचं न्हाई म्हणून.”

लिहिलं. डावी किडनी जाईल. उजवी चांगली चालते आहे, रिपोर्टमध्ये तसं नमूद आहे.