शनिवारची रसायनाची शिकवणी

"पाणी वाकडं का?"

दार उघडताच बाई हे विचारायच्या. मूल अजून बूट काढत असायचं. उत्तर आलं तर आत, नाही तर जिन्यात उभं राहायचं. ऑक्सिजनवरच्या इलेक्ट्रॉनांच्या दोन एकाकी जोड्या हायड्रोजनना एका बाजूला रेटतात, म्हणून पाण्याचा रेणू वाकतो, हे जर्मनीतल्या गेर्लिंगेन गावातल्या आम्हा आयांनाही पाठ झालं होतं.

पुण्यात बाई कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायच्या. नवऱ्याच्या नोकरीपायी इकडे आल्या आणि इथे त्यांना कुणी वर्गात उभं केलं नाही. मग आमच्याच इमारतीत, त्यांच्या जेवणाच्या टेबलावर शनिवारची शिकवणी सुरू झाली. माझी मुलगी जायची. तिला आणायला गेले की मीही ऐकत बसायची. तुम्हीही बसला असतात, इतकं छान शिकवायच्या.

भिजवलेले हरभरे म्हणजे अणू, टूथपिक म्हणजे बंध. रेणू चुकला की बाई तो अंगठ्याखाली चिरडायच्या. "मेला," म्हणायच्या. मुलं आधी हसायची, मग आपापला रेणू हाताआड लपवायची.

त्यांची मुलगी सानिकाही त्याच टेबलावर असायची. सोळा वर्षांची. मराठी कळायचं, पण उत्तर जर्मनमध्ये. एकदा तिने मिथेनचे चारही हायड्रोजन चार दिशांना उभे करायचे सोडून टेबलावर सपाट मांडले.

"मिथेन की चपाती?" बाई म्हणाल्या. मुलं हसली. तिथे थांबायला हवं होतं. "हिला शाळेत एकही मैत्रीण नाही. सांगा बरं, कुणाशीच बंध न करणारं मूलद्रव्य कोणतं?"

कुणीतरी हळूच म्हणालं, "हेलियम."

"गेनाऊ! अगदी बरोबर! ही आमची हेलियम."

सानिका जर्मनमध्ये काहीतरी पुटपुटली.

"काय म्हणाली?" बाईंनी माझ्या मुलीला विचारलं.

"म्हणाली, हेलियमला कुणाची गरजच नसते."

"शास्त्रीयदृष्ट्या बरोबर. पूर्ण मार्क."

सोमवारपासून शाळेतही तिचं तेच नाव पडलं.

अठरावं लागताच सानिका शिकाऊ नोकरी धरून हॅम्बर्गला निघून गेली. फोन फक्त बाबांना करायची. वर्षभराने बाईंनी त्यांच्याकडून पत्ता काढून घेतला आणि मला म्हणाल्या, "सोबत चल. तिथे जर्मन बोलायची वेळ आली तर तू बोल."

ट्रेनभर त्यांच्या मांडीवर खोबऱ्याच्या वड्यांचा डबा. हॅम्बर्गला पाऊस होता. बाईंनी बेल दाबली.

"हालो?"

"अगं, मी. आई."

दाराजवळच्या स्पीकरमध्ये खरखर झाली. मग सानिकाचा आवाज, ऑफिसातल्यासारखा सभ्य: "झी हाबेन झिश इन डेर ट्यूर गेइर्ट."

बाईंना तेवढं जर्मन नक्की येत होतं. तरी माझ्याकडे वळल्या. "काय म्हणाली?"

"तुम्ही चुकीच्या दारावर आलात, म्हणते."

"तुम्ही? डू नाही म्हणाली?"

"नाही, बाई. झी म्हणाली."

घरच्या माणसाला डू म्हणतात, परक्याला झी.

बाईंनी पुन्हा बेल दाबली. पुन्हा दाबली.  तेवढ्यात इमारतीतला एक माणूस बाहेर पडला. डबा घेऊन भिजत उभ्या असलेल्या बाईंना पाहून त्याने अदबीने दार धरून ठेवलं. आत जिना होता, जिन्यात दिवा होता. बाई त्या जिन्याकडे बघत राहिल्या. त्याने "बिट्टे", या ना, म्हटलं, थोडा थांबला, आणि शेवटी दार सोडून दिलं.