वर्मूथच्या पाटीमागची मादोन्ना

रोमच्या त्रुल्लो वस्तीत एर्सीलियाला सगळे तिथल्या बोलीत 'सोरा एर्सीलिया', म्हणजे एर्सीलियाबाई, म्हणत. 'सिन्योरा' म्हणणारा माणूस बाहेरचा, हे तिला लगेच कळे, आणि बाहेरच्या माणसाशी ती दार अर्धंच उघडून बोले. त्या मे महिन्यात तिच्या दाराशी आलेल्या मुलीने सिन्योरा म्हटलं, वर फाइल छातीशी धरली होती, म्हणजे काहीतरी मागायलाच आली असणार. एर्सीलियाने गॅसवरचे चणे बारीक आचेवर ठेवले आणि दारातच उभी राहिली.

मुलीचं नाव जिनेव्रा. सिनेमासाठी रस्ते शोधायचे, आणि शोधलेले रस्ते जुने करायचे, हे तिचं काम. सिनेमा विनोदी होता. दोन भामटे विमा एजंट लिफ्टमध्ये अडकतात, लिफ्ट उघडते ती थेट १९८१ सालात, आणि बाहेर पडल्या पडल्या ते बँक लुटणाऱ्या टोळीच्या तावडीत सापडतात. त्यासाठी त्रुल्लोतला बारसमोरचा रस्ता तिला पसंत पडला होता. डिश अँटेना काढता येत होत्या, गाड्या हलवता येत होत्या. अडचण एकच होती, बारच्या भिंतीतला मादोन्नाचा, म्हणजे मेरीमातेचा, कोनाडा.

"मी आधी पाद्रीबाबांकडे गेले," जिनेव्रा म्हणाली. "ते म्हणाले, ही मादोन्ना चर्चची नाही, सरकारचीही नाही. सोरा एर्सीलियाला विचारा."

"विचार मग."

"तीन दिवस झाकायची आहे. वरून एक लाकडी पाटी लावू, वर्मूथ दारूच्या जाहिरातीची. मादोन्नाला धक्कासुद्धा लागणार नाही."

"का झाकायची? एक्याऐंशी साली देव नव्हता का?"

जिनेव्रा ओशाळली. "देव होता. कोनाडा नव्हता. खाली त्र्याऐंशी साल कोरलंय."

ते साल एर्सीलियाने स्वतः कोरून घेतलं होतं. कोनाडा तिच्या भावाचा होता, नेल्लोचा. आई गेली तेव्हा नेल्लो सहा वर्षांचा, आणि एर्सीलिया पंधराची. तिनेच त्याला न्हाऊमाखू घातलं, चोपलं, शाळेतून पळाला तर कान धरून परत नेलं. पुढे तो टायरच्या दुकानात लागला. ब्याऐंशीच्या ऑक्टोबरात एका संध्याकाळी तो ताटावरून उठून बारमध्ये गेला, कारण खालून त्याच्या मित्राने, रेमोने, हाक मारली होती. त्याच वेळी कुठल्याशा टोळीतले लोक एकमेकांवर गोळ्या झाडत त्या रस्त्याने गेले. ज्यांना मारायचं होतं ते वाचले. नेल्लो बारच्या दारात मेला, बावीस वर्षांचा. पुढच्या वर्षी वस्तीने वर्गणी काढून भिंतीत मादोन्ना बसवली.

तेव्हापासून रोज सकाळी एर्सीलिया बाटलीत पाणी घेऊन खाली जाते, काच पुसते, फुलं बदलते, दिवा गेला असेल तर नवा लावते. मध्यंतरी लग्न झालं, इस्पितळाच्या धुलाईखान्यात चादरींना इस्त्री करता करता आयुष्य सरलं, ट्रामचालक नवराही गेला. पाणी चुकलं नाही. रेमोशी मात्र ती त्या संध्याकाळपासून बोलली नव्हती. तो याच वस्तीत राहतो, समोरून आला की ती रस्ता ओलांडते. हाक मारणारा जिवंत राहिला, हे तिने त्याला कधी माफ केलं नाही. त्यात न्याय नाही हे तिला पुरतं ठाऊक होतं. पण माफी काही न्यायाने चालत नाही.

आता टोळीवाल्यांवर विनोदी सिनेमा करायचा आणि त्यासाठी नेल्लोला झाकायचं! तिने नाही म्हणून सांगितलं आणि दार लावलं.

मग वस्ती तिच्या मागे लागली. मासळीवाली पीना तर जिन्यातच भांडायला उभी राहिली. "सोरा एर्सीलिया, मला भाजीची पिशवी घेऊन चालायचं काम मिळालंय. आयुष्यात पहिल्यांदा कुणी मला नुसतं चालायला बोलावलंय, आणि तू मोडता घालतेस!"

"तुझं चालणं बघायला तिकीट कोण काढणार?"

"माझा नवरा. मी चालती झाले तर त्याला बघायचंच आहे."

एर्सीलियाला हसू आलं, तरी ती बधली नाही. बधली ती दोन दिवसांनी, आणि वेगळ्याच कारणाने. सकाळी काच पुसताना तिच्या मनात आलं, ही भिंत कोरी असताना कशी दिसायची? आठवेना. त्या भिंतीला टेकून नेल्लो रोज उभा राहायचा, आणि तिला ती भिंत आठवत नव्हती. तिने जिनेव्राला निरोप धाडला: झाका, पण तीनच दिवस, आणि पाटी लावताना मी तिथे असेन.

पाटी लागली. रस्ता बघता बघता जुना झाला. बारवर जुन्या अक्षरांचा फलक चढला, फुटपाथशी चौकोनी छोट्या गाड्या उभ्या राहिल्या. पीना आणि तिच्यासारखे वीसेक जण मोठ्या कॉलरचे शर्ट आणि फुलाफुलांचे झगे घालून एकमेकांना बघून खिदळत होते. एर्सीलियाला वाटलं होतं, ही भिंत बघून आपल्याला बरं वाटेल, नेल्लो असतानाची भिंत. बरं काही वाटलं नाही. मादोन्ना दिसेनाशी होऊन तासही झाला नव्हता आणि कुणाला तिची आठवण नव्हती. लोक पाटीखाली उभे राहून सँडविच खात होते. आपण मेल्यावर हे असंच होणार, तिला वाटलं. पाटीचीही गरज लागणार नाही. काच मळेल, दिवा जाईल, आणि नेल्लो कोण हे विचारायलासुद्धा कुणी उरणार नाही. कोनाडा झाकू दिला याचा तिला मनापासून पश्चात्ताप झाला.

जिनेव्राने तिला कॅमेऱ्यामागे खुर्ची दिली होती. "बोलायचं नाही हं," ती म्हणाली.

"मी कुणाशी बोलणार आहे?"

पहिला शॉट साधा होता. दोघे एजंट बारमधून बावरून बाहेर येतात, रस्त्यावर माणसं आपापल्या कामाने चाललेली असतात. दिग्दर्शकाने खूण केली. एजंट बाहेर आले. पीना पिशवी घेऊन निघाली, पाटीसमोर आली, आणि चालता चालता तिने कपाळ, छाती, खांदे असा क्रूस केला.

"कट! पिशवीवाल्या बाई, हे काय?"

"काय?"

"तुम्ही वर्मूथच्या बाटलीला नमस्कार केलात."

पीनाने वर बघितलं आणि जीभ चावली. सगळा रस्ता हसला. दुसऱ्यांदा पीनाने हात पिशवीला घट्ट धरून ठेवले, पण मागून येणाऱ्या निवृत्त पोस्टमनने टोपी उचलली. तिसऱ्यांदा एका गुलाबी झग्यातल्या मुलीने बोटांचं चुंबन घेऊन हवेत उडवलं. दिग्दर्शक उत्तर इटलीतला, मिलानचा. त्याने डोक्याला हात लावला. "रोममध्ये दारूची एवढी भक्ती असते हे कुणी सांगितलं नाही मला!" शेवटी त्याच्या मदतनिसाने भोंग्यावरून ताकीद दिली: या भिंतीसमोर कुणीही क्रूस करायचा नाही, टोपी काढायची नाही, हात खाली.

एर्सीलिया खुर्चीत सरसावून बसली होती. तिला हसूही येत होतं आणि डोळेही भरून येत होते. पण ती स्वतःला फसवणाऱ्यातली नव्हती. ही मादोन्नाची सवय आहे, तिने मनाशी म्हटलं. आयांनी लहानपणी लावलेली. गुलाबी झग्यातली मुलगी तर नेल्लोनंतर पंधरा वर्षांनी जन्मली. तिला काय ठाऊक!

पुढच्या वेळी सगळे हात खाली ठेवून चालले. दिग्दर्शकाचा चेहरा खुलू लागला. शेवटी वर्तमानपत्र घेतलेला साठीचा एक माणूस आला. खांद्याला रुंद कोट, डोक्याला विग. चालीवरून एर्सीलियाने ओळखला. रेमो. तोही कामाला आहे हे तिला कुणी सांगितलं नव्हतं, सांगायची छाती कुणाची होती म्हणा. त्याने पाटीकडे मान वर करून पाहिलंही नाही. बघा, तिला वाटलं, हा तर बघतसुद्धा नाही. मग बारच्या दाराशी तो किंचित वाकला, वर्तमानपत्र काखेत धरलं, आणि चौकटीच्या डाव्या अंगाला, गुडघ्याच्या उंचीवर, भिंतीला हाताचा तळवा लावला. लावून पुढे चालू लागला.

"कट! आता काय? क्रूस नको म्हटलं तर भिंत चाचपतोय!"

"मी?" रेमो गोंधळून म्हणाला. "मी काय केलं? मी तर सरळ चाललो."

मादोन्ना होती वर, पाटीमागे. खाली गुडघ्याच्या उंचीवर काहीच नव्हतं, कधीच नव्हतं. तिथे फक्त नेल्लो टेकून बसला होता, शेवटचा. एर्सीलिया धावत खाली आली तेव्हा त्याचं डोकं रेमोच्या मांडीवर होतं, आणि तो भिंतीचा तुकडा तिनेच दुसऱ्या दिवशी ब्रश घेऊन घासला होता. जगात दोनच माणसांना ती जागा माहीत होती. आणि त्यातल्या एकाला आपला हात तिथे गेल्याचं कळतही नव्हतं, इतकं ते रोजचं झालं होतं.

ती उठली आणि कॅमेऱ्यासमोरून सरळ चालत गेली.

"आता या कोण?" दिग्दर्शक ओरडला.

"गप्प बसा हो," जिनेव्रा त्याला म्हणाली.

एर्सीलिया रेमोसमोर उभी राहिली. त्याने घाईघाईने विग काढून हातात घेतला.

"कधी येतोस तू इथे?" तिने विचारलं.

"रोज," रेमो म्हणाला. "तू पाणी घालून वर गेलीस की."

"आणि मी वर जाईपर्यंत?"

"थांबतो. त्या बसच्या थांब्यावर."

"छत्तीस वर्षं?"

"तू बोलत नव्हतीस, एर्सी."

"आणि तुला तोंड नव्हतं? हाक मारायला बरा होता आवाज तुझा!"

बोलून गेल्यावर ती स्वतःच दचकली. रेमोने मान खाली घातली, पण हलला नाही. एर्सीलियाला फार राग आला, त्याचा, आणि त्याहून जास्त स्वतःचा. त्या पोरासाठी दोघं मिळून रडू शकली असती. ती जिन्यावर आणि हा थांब्यावर, एवढ्याशा अंतरासाठी अख्खं आयुष्य गेलं होतं. तिने हात पुढे केला आणि त्याच्या रुंद कोटाची उलटी वळलेली कॉलर खसकन सरळ केली.

"सोमवारी पाटी निघेल," ती म्हणाली. "पाणी तू आण. माझ्याच्याने बाटली घेऊन जिने होत नाहीत आता. आणि मी गेल्यावरही तूच करायचंस, ऐकलंस?"

"मी करीन गं," रेमो म्हणाला. "पण मला एकही प्रार्थना येत नाही."

"नेल्लोला तरी कुठे येत होती?"