सावलीला आलेला म्हसोबा

राधाकृष्णरावांना स्वप्नात जमीन दिसायची. तशी ती पुष्कळांना दिसते, पण यांना दिसायची ती दुसऱ्याची, आणि तीही भांडणातली. मोजणी खात्यातून निवृत्त झाल्यावर कोर्ट त्यांना बांधाच्या दाव्यांत जागेवर जाऊन मोजणी करणारे कमिशनर म्हणून नेमू लागलं, तेव्हा बायको म्हणाली, "जा खुशाल, पण लोकांच्या शेतात उभ्याउभ्या झोपू नका." बोलणं अगदीच खोटं नव्हतं. मोजणीच्या साखळीची दोन टोकं ते भांडणाऱ्यांच्याच हातात द्यायचे आणि मधून आपण तंद्रीत चालायचे. साखळी ताणायची तर एकमेकांना हाका माराव्याच लागतात. वर्षानुवर्षं अबोला धरलेली माणसं त्यांनी अशी बोलती केली होती.

एकाहत्तर सालच्या चैत्रात ते पाथर्डीकडच्या एका शिवारात उतरले. दावा आसाराम आणि मच्छिंद्र या शेजाऱ्यांचा. दोन शेतांमध्ये एक पट्टा, त्यात आसारामनं खणलेली विहीर. तिला पाणी लागलं तेव्हापासून त्याचं बिऱ्हाड ऊसतोडीला गेलं नव्हतं. पट्टा आपला, असं मच्छिंद्रचं म्हणणं. विहीर गेली की आसारामला पुन्हा कोयता उचलावा लागणार, हे कुणी बोलत नव्हतं, पण सगळ्यांना कळत होतं.

हद्दीवर होता म्हसोबा. मुळात तो हद्दीचा दगड. कुणीतरी कधीतरी शेंदूर फासला आणि त्याचा देव झाला. विहिरीच्या पलीकडे, मच्छिंद्रच्या अंगाला, लिंबाखाली गार सावलीत बसलेला. दोन्ही घरं त्याच्यापर्यंतच नांगर धरायची.

ऊन चढलं. सगळं शिवार पाण्यावर तरंगल्यासारखं हलू लागलं. राधाकृष्णरावांना वाटलं, बांध वाहतायत, लिंब वाहतोय, आपणही हळूहळू कुठंतरी निघालोय. मोठं सुख वाटलं त्यांना. पण हातातला नकाशा काही वाहायला तयार होईना. त्याप्रमाणे दगड विहिरीच्या अलीकडे, आसारामच्या अंगाला, उघड्या रानात हवा होता. पुन्हा साखळी टाकली. पुन्हा तेच.

"देव चालत गेला की काय?" ते स्वतःशीच पुटपुटले.

"चालतोय कशाचा! म्या आनला त्याला," लिंबाखालून आसारामची म्हातारी आई, रंगुबाई, खुशीत म्हणाली. "नवी नवरी हुते. समदी तोडीला निघालो, तवा पाया पडाया आले, तर देव उनात निस्ता भाजत हुता. म्हनलं, आपुन चाललो, ह्याला कोन बघनार? लेकरावानी पोटाशी धरला आन हितं सावलीत ठिवला. परत आलो तर गाव म्हनतंय, देव आपल्या पायानं सावलीला आला! नारळ फोडले लोकांनी. म्या कशाला बोलतेय?"

"आये, गप की!" आसाराम ओरडला. पण व्हायचं ते होऊन गेलं होतं. मच्छिंद्रच्या हातातलं साखळीचं टोक गळून पडलं. रंगुबाईनं लेकाच्या तोंडाकडं पाहिलं, मग विहिरीकडं, आणि तिच्या चेहऱ्यावरचं हसू मावळलं.

हे आपल्या कानावर पडायला नको होतं, असं राधाकृष्णरावांना मनापासून वाटलं. तंद्री केव्हाच उतरली होती. खाली मान घालून ते एवढंच म्हणाले, "दगड जागेवर ठेवावा लागेल, बाई."

देवाला हात लावायला कुणी धजेना. शेवटी म्हातारीच कंबर धरून वाकली. आसारामला ते बघवेना. त्यानं तिला बाजूला केलं, दगड उचलला, विहिरीला वळसा घातला आणि नकाशानं दाखवलेल्या जागी रखरखत्या उन्हात टेकवला.

रंगुबाई मागोमाग गेली. पदरानं तिनं देवाचं तोंड पुसलं आणि वळून म्हणाली, "मच्छिंद्रा, हीर तुजी झाली बाबा. आमी जाऊ तोडीला. पर ह्यो उनात हाय. रोज तांब्याभर पानी घालीत जा ह्याला."

मच्छिंद्रनं मान हलवली. दावा जिंकला होता, पण त्याला तिच्याकडं बघता येईना.