दाजींची थेट भरती

आमच्या थोरल्या दाजींइतकं नियमांवर प्रेम करणारा माणूस सबंध नगर जिल्ह्यात झाला नाही, आणि नियमांनी इतक्या पद्धतशीरपणे ज्याचं वाटोळं केलं असाही दुसरा झाला नाही. डी.एड. होऊन, पात्रता परीक्षा पास होऊन दाजी सोनईला एका विनाअनुदानित शाळेत शिकवत होते. पगार म्हणायला जीभ धजणार नाही अशा मानधनावर. जिल्हा परिषदेच्या शाळांत जागा रिकाम्या होत्या. पण कोकणात, विदर्भात नोकरीला लागलेले आपल्याकडचे गुरुजी आंतरजिल्हा बदली मागून घरी परतत आणि त्या जागा भरून जात. नव्या उमेदवारांच्या थेट भरतीसाठी उरे ती फक्त चर्चा, आणि ती करायला दाजी एकटे पुरेसे होते. जगातल्या समस्त माणसांचे त्यांनी दोनच वर्ग पाडले होते, बदलीवाले आणि भरतीवाले. माझ्या लग्नासाठी आईनं नात्यातली एक मुलगी सुचवली, तेव्हा घास हातात धरून म्हणाले, "पाव्हणं, ही बदली झाली. पद रिक्त हाय ना? मग जाहिरात द्या, अर्ज मागवा, गुणवत्तेनं घ्या." आई आठवडाभर त्यांच्याशी बोलली नाही. दाजींच्या स्कूटरच्या डिकीत पान्यांऐवजी शासन निर्णयांच्या प्रती असत. रस्त्यात स्कूटर बंद पडली की दाजी झाडाखाली बसून त्या वाचत, आणि स्कूटर ताई ढकलत असे.

एका रविवारी चर्चमध्ये पाळकसाहेबांनी प्रार्थनेचे विषय विचारले. कुणी आजारपण सांगितलं, कुणी पोराची बारावी. मागच्या बाकावरची एक बाई उभी राहून म्हणाली, "माझे मालक सिंधुदुर्गात गुरुजी हायेत. त्यांची हिकडं बदली व्हावी म्हणून प्रार्थना करा." लगेच दाजी उठले. "हरकत हाय. ती जागा थेट भरतीची हाय. देवानं नियम बघून निर्णय द्यावा." पाळकसाहेबांनी डोळे मिटले ते बराच वेळ उघडले नाहीत. शेवटी "प्रभो, ज्याचं त्याला दे," एवढंच म्हणून त्यांनी घाईघाईनं गीत सुरू केलं. बाहेर पडताना ती बाई दाजींना म्हणाली, "भाऊ, माझी पोरगी बापाला पाव्हणा समजती हो." दाजींना वाईट वाटलं, ते चेहऱ्यावर दिसलंही, पण त्यांनी तिला नियम समजावून सांगितला.

दाजी बदल्या बंद करा म्हणून निवेदनं देत राहिले, उपोषणाच्या मांडवात बसत राहिले, आणि एक दिवस खरोखर नियम आला. यापुढं नव्यानं नेमलेल्या शिक्षकाला आंतरजिल्हा बदलीचा हक्क नाही. जिल्हा बदलायचा तर राजीनामा द्या आणि पुन्हा परीक्षेला बसा. दाजींनी गल्लीत पेढे वाटले. बदलीवाल्यांची वाट बुजली म्हणून ते इतके खूष होते की ताईनं नव्या शिक्षकांचं ते वाक्य दोनदा वाचून दाखवलं तरी त्यांच्या ध्यानात आलं नाही. मग भरती निघाली. दाजी गुणवत्तेनं, कुणाचीही ओळख न लावता, निवडले गेले. जिल्हा मिळाला रत्नागिरी.

ताई नगरच्या एका दवाखान्यात नर्स. तिची नोकरी सुटणार नव्हती, दाजींना फिरून परीक्षा द्यायला वय उरलं नव्हतं. दाजी सामान बांधत होते तेव्हा ताई एवढंच म्हणाली, "तुमीच मागितला हुता ना ह्यो नियम?" दाजी म्हणाले, "नियम बरोबरच हाय." ताईनं हातातली पिशवी भिंतीवर फेकली. पुढच्या रविवारी चर्चमध्ये तीच उभी राहिली, नवऱ्याच्या बदलीसाठी प्रार्थना मागायला. या वेळी हरकत घ्यायला कुणी नव्हतं.

परवा दिवाळीच्या सुट्टीनंतर मी दाजींना नगरच्या स्टँडवर सोडायला गेलो. नियम रद्द करा असं निवेदन शिक्षकांनी काढलं होतं, मी विचारलं, "सही केलीत का?"

दाजींनी नकारार्थी मान हलवली. "तिकडं डी.एड. झालेला एक रिक्षावाला हाय. मला रोज शाळेच्या चढापतुर सोडतो. परवा म्हनला, गुरुजी, तुम्ही तुमच्या गावी गेलात तर माझा नंबर लागेल. आता मी हिकडं आलो, तर हितल्या कुनाची तरी जागा जानार. न्हाई आलो, तर त्याची अडली."

"मग काय मागणार?"

"तेच म्हनतोय. आजवर मागायचं काय, ते मला कदी कुनी सांगावं लागलं न्हाई. आता सुचतच न्हाई बघा."

मी त्यांची पिशवी उचलली. गाडी लागली. दाजी पायरीवरून वळून म्हणाले, "तुमच्या ताईची ड्यूटी सुटली की तिला घिऊन जा. त्या बाजूला रिक्षा लवकर मिळत न्हाई." गर्दीनं त्यांना आत ढकललं.

मी दवाखान्याशी गेलो. ताई बाहेर आली, स्कूटरवर मागे बसली. घराच्या वळणावर तिनं विचारलं, "जागा मिळाली का रे त्यांना?"

दाजी दांडीला धरून उभे होते. गाडी सुटेपर्यंत मी पाहिलं होतं.

"मिळाली," मी म्हणालो. "खिडकीजवळची."