प्रयागबाईनं दाखवलेलं विद्यापीठ

नागपुरात सीताबर्डीवर, मोदी नंबर दोनच्या गल्लीत प्रयागबाईची खानावळ होती. खानावळ म्हणजे तीन खोल्या, मागे अंगण आणि चाळीस पोरं. कोणी यवतमाळचा, कोणी भंडाऱ्याचा, कोणी पार चांद्याचा. नवरा गेल्यावर तिनं चार पोरांच्या ताटांपासून सुरुवात केली होती. सदुसष्ट साल उजाडेपर्यंत बर्डीवर कोणालाही ‘मावशीची खानावळ’ विचारलं की बोट दाखवत.

जे जेवायला येऊ शकत नसत त्यांना डबा जाई, आणि डबेवाला आला नाही की प्रयागबाई स्वतः निघे. अशी पंधरा वर्षं तिनं नागपूरचं विद्यापीठ पायांखाली घातलं होतं. कुठल्या इमारतीचं मागचं दार कधी उघडतं, कुठला शिपाई डबा उचलून आत नेतो आणि कुठला झाकण उघडून आधी वास घेतो, सगळं तिला पाठ होतं. पुढच्या दारानं ती कुठेच गेली नव्हती. तसं कामच पडलं नव्हतं.

त्या जूनमध्ये काटोलहून धाकट्या भावाचं, रुपरावचं पोस्टकार्ड आलं. त्याची गोपिका मॅट्रिक झाली होती. कॉलेजचा अर्ज तिनं भरून ठेवला होता, ‘राहण्याची सोय’ या रकान्यात ‘आत्याकडे’ असं लिहिलंही होतं. बापाची सही तेवढी बाकी होती. रुपरावनं लिहिलं होतं, ‘शेवटच्या तारखेला येतो. विद्यापीठ कसं असते ते आपल्या डोळ्यानं पाहीन. मनात भरलं तर सही करीन, नाहीतर दोनच्या गाडीनं पोरीले घेऊन वापस.’

भाऊ कशाला बिचकतो हे प्रयागबाईला पक्कं ठाऊक होतं. पोरांना. कॉलेजची पोरं म्हणजे शीळ घालणारी आणि पुलाच्या कठड्यावर पाय हलवत बसणारी, असंच काटोलात समजत. म्हणून तिनं ठरवलं, की एकही पोरगा दिसणार नाही अशा बेतानं विद्यापीठ दाखवायचं. वेळही हेरून ठेवली. साडेदहा. डबे नेताना तिनं पाहिलेलं होतं, साडेदहाला सगळी पोरं वर्गात असतात आणि रस्ते ओस.

ते खरंच होतं, पण कॉलेज सुरू असतानाचं. जूनमध्ये वर्ग नव्हते, नुसते प्रवेश चालू होते. तिच्या चाळीसांतली पंचवीस पोरं त्यासाठी परतून आठ दिवसांपासून तिच्याकडेच दुपारी साडेबाराला जेवत होती. मग ती साडेदहाला कुठे असतील, हा साधा विचार काही तिच्या डोक्यात आला नाही.

भाजी-वरणाचं स्वयंपाकाला येणाऱ्या बायजाबाईवर सोपवून ती एस.टी. स्टँडवर गेली. रुपराव उतरला. धोतर, पांढरी टोपी, खांद्यावर दुपट्टा, हातात कैऱ्यांची पिशवी. मागून गोपिका, नव्या लुगड्यात अवघडलेली, अर्जाची घडी छातीशी धरून.

“ये गा रुपराव. घरी चाल, पाणी घे पहिले.”

“पाणी मग. अर्ज बारापर्यंतच घेतात म्हणे. दाखव काय दाखवाचं ते.”

मग फेरी सुरू झाली. पुढे प्रयागबाई डोक्यावर पदर घेऊन, मध्ये रुपराव, मागे गोपिका.

“हे मॉरिस कॉलेज,” प्रयागबाईनं हात केला.

रुपरावनं इमारत वरपासून खालपर्यंत पाहिली. “इथी काय शिकवतात?”

हे प्रयागबाईला कधी कोणी सांगितलं नव्हतं. ती म्हणाली, “इथले पोरं वरणात गूळ टाकू देत नाही. बाकी चांगले आहे.”

“अन् ते पलीकडचं?”

“तिथी एक विज्ञानाचे मास्तर आहे. त्याइले लिंबाचं लोणचं चालत नाही. बोटाले काही काही लागलेलं राहते, झोंबते म्हणे.”

गोपिका पदराआड हसली. रुपराव मात्र गंभीर. त्याची नजर मोकळ्या मैदानावर होती. “एवढी जागा पडीक ठेवली! दोनशे झाडं बसली असती संत्र्याची.”

“भाऊ, हे शिकाची जागा आहे.”

“शिकाची आहे म्हणून काय काहीच लावू नये?”

इथवर ठीक चाललं होतं. रस्ता रिकामा होता, ऊन मी म्हणत होतं, आणि प्रयागबाईला वाटलं, जमलं. तेवढ्यात पुलाच्या कठड्यावरून आवाज आला.

“मावशी! ओ मावशी!”

कठड्यावर चौघं. चौघंही तिचीच, आणि पाय हलवत बसलेली. तिनं डोळे वटारले. पोरांना वाटलं मावशीला ऊन लागतंय. एक जण छत्री घेऊन धावला.

“मावशी, आज वांगं आहे न?”

“आहे. जा.”

“पाव्हणे कोन?”

“माहा भाऊ. जा म्हटलं न!”

ती पोरं गेली तर पुढच्या वळणावर दुसरी दोन. मग चहाच्या टपरीवरून तिघं एकदम उठली. “मावशी, ताक ठेवा!” “मावशी, बंड्याचा ताप उतरला!” “मावशी, तुम्ही इकडे कुठी?” जिकडे पोरं नसणार म्हणून ती वळे तिकडूनच मावशी, मावशी अशा हाका. रुपराव नुसता प्रत्येकाकडे टोपीखालून पाहत होता.

विद्यापीठाच्या ग्रंथालयापाशी श्रीधर भेटला. श्रीधर यवतमाळचा, कायद्याच्या दुसऱ्या वर्षाला, उंच आणि बोलघेवडा. अर्जाची घडी पाहूनच तो काय ते समजला.

“मावशी, तुम्ही राहू द्या. तुम्हाले इथलं फक्त स्वयंपाकघर माहीत. मी सांगतो.” आणि तो रुपरावच्या बाजूनं चालू लागला. “काकाजी, हे विद्यापीठ तेवीस साली निघालं. त्याच्या आधी इथल्या पोराइले परीक्षेसाठी अलाहाबादले जोडलं होतं.”

“अलाहाबाद?” रुपराव थबकला. “एवढ्या दूर?”

“मग सांगून काय राहिलो! आता घरच्या घरी. अन् हे ग्रंथालय. पुस्तकंच पुस्तकं.”

“वाचते कोन एवढी?”

“वाचते तो डबा उशिरा खाते,” प्रयागबाई मध्येच म्हणाली. तेवढ्यापुरती तिची माहिती अचूक होती. श्रीधरला हसू आवरलं नाही.

मग मात्र श्रीधर नको ते बोलला. बिचारा कौतुकानंच बोलला. “काकाजी, तुमची बहीण म्हणजे मशीन आहे मशीन. सव्वाशे पोळ्या एका बसणीत! आम्ही म्हणतो, मावशी, पोळ्याइले कोनी हाताखाली ठेवा. आता ही आलीच तर मावशीले हात होईल.”

रुपरावचा चेहरा एकदम बंद झाला, दुपारी दुकान बंद करतात तसा. प्रयागबाईला वाटलं, पोरगा मुलीकडे बोट करून बोलला म्हणून. तिनं श्रीधरला तिथल्या तिथे पिटाळलं आणि दोघांना घेऊन महाराजबागेत एका झाडाखाली बसली.

मागे कुठेतरी वाघ गुरगुरला. रुपराव दचकला.

“काय हे?”

“वाघ. तो विद्यापीठात नाही, बागेत आहे,” प्रयागबाई घाईघाईनं म्हणाली. “रुपराव, तो श्रीधर बोलते जास्त, पण पोरगा सरळ आहे. सगळेच सरळ आहे. माह्या हातचं जेवतात. मले भेतात.”

“पोराइचं कोन म्हणून राहिलं?” रुपराव म्हणाला. “पोरं चांगले आहे. दर वळणावर तुले हाक मारून राहिले. पोरगी गर्दीत हरपली तरी कोनी आणून देईन घरी. मले पोराइचं भेव नाही.”

“मग? तोंड काहून पाडून राहिला?”

रुपराव दुपट्ट्यानं मान पुसत राहिला. मग गोपिकाकडे पाठ करून, हळू आवाजात म्हणाला, “कौसल्या म्हणे, नणदबाईले भाची नाही पाहिजे, लाटणारी पाहिजे. मी तिच्यावर गरम झालो. म्हटलं, माही बहीण अशी नाही. अन् आता हा पोरगाही तेच बोलला.”

प्रयागबाई ताडकन उठली. तोंडात शब्द भरून आले होते. तुले कडेवर घ्याले मी चौथीतून शाळा सोडली, अन् आज तुही बायको मले असं बोलते! त्यातला एकही शब्द बाहेर पडला नाही. कारण मागच्याच आठवड्यात तिनं बाजारातून दुसरा पोळपाट आणला होता. कोणासाठी, हे तिनं बायजाबाईलाही सांगितलं नव्हतं. सकाळी कॉलेज, संध्याकाळी जेमतेम दोन तास लाटू लागेल, असं तिनं मनाशी धरलं होतं. दोन तास म्हणजे काय मोठं? पण सव्वाशे पोळ्या दोन तासांत होत नाहीत, हे तिच्याइतकं नागपुरात दुसऱ्या कोणाला माहीत होतं? आज दोन तास, मग पाहुणे आले म्हणून तीन, मग परीक्षेच्या आदल्या दिवशी बायजाबाई आली नाही म्हणून चार.

ती पुन्हा खाली बसली.

“कौसल्या खोटं नाही बोलली,” ती म्हणाली. “आला होता मनात.”

रुपरावनं मान वर केली. त्यानं भांडणाची तयारी ठेवली होती, याची नव्हती.

“आत्या,” गोपिका मागून म्हणाली. दोघांना वाटलं होतं तिला ऐकू येत नाही. “मले पोळ्या लाटता येत नाही. एकही गोल होत नाही. आई रोज शिव्या देते.”

प्रयागबाईला इतकं हसू आलं की डोळ्यांत पाणी आलं. रुपरावही हसला, पण उठून टोपी नीट करू लागला. म्हणजे निघायच्या तयारीनं.

“कुठी चालला?”

“गाडी आहे न दोनची.”

“बस दोनले आहे. अर्ज बाराले आहे. चाल माह्यासंगं. एक इमारत राहिली.”

आता ती रस्ते निवडत नव्हती. सरळ चालत होती, इतकी झपझप की रुपरावला धोतर सावरत मागे यावं लागलं. मुलींच्या वसतिगृहाशी आल्यावर पाय सवयीनं मागच्या बोळाकडे वळले. ती थांबली, परतली आणि पुढच्या फाटकातून आत गेली.

वसतिगृहाच्या अधीक्षक यमुताई चष्मा कपाळावर चढवून यादी करत होत्या. “प्रयागबाई? तुम्ही इकडून? डबा मागे ठेवतात ना.”

“आज डबा नाही, ताई. भाची आणली.”

यमुताईंनी अर्ज वाचला. “अहो, दोन जागा आहेत. पण त्या, नागपुरात ज्यांचं कोणीच नाही अशा मुलींसाठी. हिनं तर लिहिलंय, आत्याकडे राहणार. आत्याचं घर असताना मी जागा कशी देऊ?”

“माह्याकडे चाळीस पोरं जेवतात, ताई. पहाटे चारपासून चूल, रात्री दहापर्यंत भांडी. त्याले घर म्हणाचं का?”

यमुताईंनी तिच्याकडे बघितलं. मग गोपिकाकडे. “तुमच्या तोंडून ऐकलं म्हणून मानते. दुसऱ्या कोणी सांगितलं असतं तर नसतं मानलं. ते खोडा आणि बाजूला सही करा. पण नियम सांगून ठेवते. तुमचं नाव स्थानिक पालक म्हणून लागेल. भेट फक्त रविवारी, चार ते सहा. इतर दिवशी मुलगी फाटकाबाहेर जाणार नाही. आत्याकडे काम निघालं, पाहुणे आले, काही चालणार नाही.”

“सख्ख्या आत्यालेही नाही?” रुपरावनं विचारलं.

“सख्ख्या आत्याला तर नाहीच,” यमुताई म्हणाल्या.

प्रयागबाईनं टाक घेतला. ‘आत्याकडे’ या शब्दावर तिनं एक रेघ ओढली, मग जरा थांबून दुसरी. ती पोरगी घरात असती, रात्री कंदिलापाशी पुस्तक घेऊन बसली असती, हेही तिच्या मनात होतं. नुसत्या पोळ्याच नव्हत्या मनात. पण रेघा दोन्हींवरून गेल्या. बाजूला तिनं एकेक अक्षर जोडून सही केली.

रुपराव ती सही वाळेपर्यंत बघत होता. मग त्यानं टाक तिच्या हातातून घेतला आणि खाली आपली सही ठोकली.

अर्ज खिडकीत पडला तेव्हा बाराला सात मिनिटं कमी होती. खिडकीतल्या कारकुनानं शिक्का मारला आणि गोपिकानं इतका मोठा श्वास सोडला की रांगेतल्या दोन मुली वळून हसल्या. ती त्यांच्याशी लगेच बोलायलाही लागली, कुठली, काय, कोणत्या वसतिगृहात. प्रयागबाई आणि रुपराव बाजूला उभेच.

“हे पोरगी आपल्याले विसरली,” रुपराव खुशीत म्हणाला.

घरी पोचले तेव्हा साडेबारा वाजून गेले होते. पंचवीस पोरं पाटावर बसलेली, समोर वांग्याची भाजी, वरण, आणि पोळी एकही नाही. बायजाबाई परात पुढ्यात घेऊन कपाळाला हात लावून होती. प्रयागबाईनं पदर खोचला. रुपराव म्हणाला, “सरक. पंचवीस माणसाइले पोळ्या लाटत बसली तर संध्याकाळ होईन. रोडगे करतो. गोळे वळले की निखाऱ्यात.”

“तू?”

“काहून? देवाच्या जेवणाले दरसाल काय तू येते कराले? शंभर माणसाचे आम्ही माणसंच करतो.” त्यानं टोपी खुंटीला अडकवली, बाह्या सारल्या आणि परातीत हात घातले. “पीठ बारीक आहे. चालते. ए वकीलसाहेब, अंगणात गोवऱ्या पेटव.”

श्रीधर उड्या मारत अंगणात गेला. पोरांनी पाट उचलून अंगणातच नेले. तास-दीड तास रोडगे निखाऱ्यात भाजत होते आणि उपाशी पोरं रुपरावभोवती गोळा होऊन संत्र्याच्या बागा, काटोलचा बाजार, काय वाटेल ते विचारत होती. एकानं विचारलं, “काकाजी, विद्यापीठ कसं वाटलं?”

“चांगलं आहे,” रुपराव रोडग्यावरची राख झटकत म्हणाला. “जागा पडीक फार ठेवली.”

दोनची गाडी कधीच निघून गेली होती. रोडगे फुटले, त्यात तूप पडलं, आणि अंगणात एकदम शांतता झाली, फक्त जेवणाचे आवाज. गोपिका भावंडांत वाढलेली पोरगी, तिला स्वस्थ बसवेना. श्रीधरचं ताट रिकामं दिसलं तशी ती भाजीचं पातेलं घ्यायला उठली.

“बस खाली!” आत्या आणि बाप एकदम ओरडले.

गोपिका बसली. प्रयागबाईनं तिच्या ताटात आणखी एक रोडगा फोडला आणि वरून तूप सोडलं, बोटानं भांडं निपटून.

“जेव वं,” ती म्हणाली. “रविवारशिवाय हे भेटणार नाही आता.”